घर नसलेल्या खटल्यांतून घडलेला घराचा कायदा

पेटची तयारी करणारे दोन-तीन ज्युनिअर दरवर्षी मला सिनॉप्सिस वाचायला देतात. यंदा त्यातल्या दोघांचा विषय जवळपास एकच निघाला: घरकर्ज थकलं, बँकेने घराचा ताबा घ्यायला सुरुवात केली, तर कर्जदाराला न्यायालयात काय मिळतं? दोघांची पद्धतही तीच. सर्वोच्च न्यायालयाचे आणि मुंबई उच्च न्यायालयाचे गाजलेले निकाल जमवायचे, कर्जदार किती वेळा जिंकला ते मोजायचं, आणि शेवटी ‘कायदा बँकधार्जिणा आहे’ किंवा ‘कायदा संतुलित आहे’ यापैकी एक वाक्य लिहायचं.

यात मी कोणाला नावं ठेवत नाही. माझा पहिला सिनॉप्सिस अगदी असाच होता. गाइडने त्याच्या समासात पेन्सिलीने एवढंच लिहून दिलं: “यातल्या किती निकालांत घर आहे?” मला तेव्हा प्रश्नच कळला नाही. विषय घरकर्जाचा, मग घर असणारच की! परत जाऊन एकेक निकाल उघडला, वस्तुस्थितीचे परिच्छेद वाचले आणि वरमले. या पोस्टमध्ये त्या प्रश्नाचं उत्तर मांडते आहे. ही त्या निकालांवरची टीका आहे, आणि ते निकाल जसेच्या तसे ‘डेटा’ म्हणून उचलणाऱ्या आपल्या सवयीवरचीही.

आधी कायद्याचा क्रम

सरफेसी कायदा २००२ चा. त्याआधी गहाण मालमत्ता विकून वसुली करायची तर बँकेला सर्वसाधारणपणे दिवाणी न्यायालयात, किंवा १९९३ च्या कायद्याने आलेल्या कर्ज वसुली न्यायाधिकरणात, म्हणजे डीआरटीत, जावं लागे. सरफेसीने हा क्रम उलटा केला. थकबाकी ९० दिवसांच्या पुढे गेली की खातं अनुत्पादक, म्हणजे एनपीए, ठरतं. मग बँक कलम १३(२) खाली ६० दिवसांची मागणी नोटीस देते. कर्जदाराने हरकत घेतली तर बँकेने १५ दिवसांत कारणांसह उत्तर द्यायचं; पण ते उत्तर पटलं नाही म्हणून तेवढ्यावर न्यायाधिकरणात जाता येत नाही. ६० दिवस संपले की कलम १३(४) खाली ताबा.

हा ताबा दोन प्रकारचा. दारावर नोटीस चिकटवली, वर्तमानपत्रात छापली, माणसं घरातच राहिली, तर तो सांकेतिक ताबा. माणसं बाहेर काढून कुलूप लावायचं असेल तर बँक सहसा कलम १४ खाली जिल्हाधिकाऱ्यांकडे अर्ज करते. तिथला आदेश झाला की महसूल खात्याचा माणूस पोलीस बंदोबस्तात दाराशी येतो. कर्जदाराची न्यायालयीन पायरी येते ती ताब्याची कारवाई झाल्यावर: ४५ दिवसांत कलम १७ खाली डीआरटीत अर्ज. पुण्यात डीआरटी आहे, एवढी सोय. त्यावरचं अपील न्यायाधिकरण मुंबईत, रिट करायची तर उच्च न्यायालय मुंबईत. २०२५ च्या ऑगस्टमध्ये कोल्हापूरला सर्किट बेंच सुरू झालं, पण पुणे जिल्हा त्यात नाही. दिवाणी न्यायालयाची वाट कलम ३४ ने बंद केलेली. थोडक्यात, आधी ताबा आणि मग सुनावणी.

हा क्रम न्याय्य आहे का, आणि कोणत्या अटींवर, हे ज्या निकालांनी ठरवलं त्यांच्याकडे आता बघू.

निकालांची यादी, एक रकाना वाढवून

सिनॉप्सिसमध्ये आपण निकालाचं नाव, वर्ष आणि ‘तत्त्व’ लिहितो. त्यात ‘मालमत्ता कोणती?’ असा एक रकाना वाढवून बघा.

मार्डिया केमिकल्स विरुद्ध भारत सरकार, एप्रिल २००४. कायदा वैध ठरला, पण कलम १७ खाली दाद मागण्याआधी मागणीच्या ७५ टक्के रक्कम भरण्याची सक्ती रद्द झाली. कर्जदार रसायनं बनवणारी मोठी कंपनी.

युनायटेड बँक विरुद्ध सत्यवती टंडन, जुलै २०१०. डीआरटीचा पर्याय असताना उच्च न्यायालयांनी सरफेसीच्या रिट याचिका सहजासहजी घेऊ नयेत, असं बजावणारा निकाल. आज बहुतेक प्रत्येक रिटमध्ये बँकेचे वकील तो वाचतात. तिथे कर्ज एका कलर लॅबचं होतं आणि याचिका करणारी होती त्या कर्जाला मालमत्ता गहाण टाकणारी जामीनदार.

आयटीसी विरुद्ध ब्लू कोस्ट हॉटेल्स, मार्च २०१८. हरकतीला उत्तर देणं बंधनकारक आहे, असं न्यायालयाने म्हटलं. पण कर्जदाराला फेडीच्या भरपूर संधी मिळाल्या होत्या, म्हणून उत्तर न दिल्याने कारवाई रद्द केली नाही. मालमत्ता: गोव्यातलं पंचतारांकित हॉटेल.

पांडुरंग गणपती चौगुले विरुद्ध विश्वासराव पाटील मुरगूड सहकारी बँक, मे २०२०. पाच न्यायमूर्तींचं घटनापीठ. सहकारी बँकांनाही सरफेसी वापरता येतो, हे इथे पक्कं झालं. नागरी सहकारी बँकांचं जाळं असलेल्या पुण्यासाठी हा निकाल फार महत्त्वाचा. पण न्यायालयापुढचा प्रश्न होता विषय संसदेचा की राज्याचा. गहाण मालमत्तेत कोण राहतं, हा प्रश्न तिथे यायचं कारणच नव्हतं.

सेलिर विरुद्ध बाफना मोटर्स (मुंबई), सप्टेंबर २०२३. लिलावाची नोटीस प्रसिद्ध झाली की कर्जदाराचा गहाण सोडवण्याचा हक्क संपतो. कर्ज सुमारे १०० कोटी रुपयांचं.

मधल्या काळातले हर्षद सोंडागर (२०१४) आणि विशाल कलसारिया (२०१६) हे मुंबईतून गेलेले खटले भाडेकरूंचे. हिंडन फोर्ज (२०१८), जिथे सांकेतिक ताब्याच्या टप्प्यावरही डीआरटीत जाता येतं असं ठरलं, तो खटला कंपनीचा.

माझा मुद्दा एवढाच आहे: ज्या निकालांतून नियम तयार झाले त्यांत स्वतः राहण्यासाठी, पगारावर, वीस वर्षांच्या हप्त्यांनी घेतलेलं घर नाही. खालच्या पातळीवर अशी घरं असलेली प्रकरणं आहेत आणि भरपूर आहेत. पण तिथे नियम घडत नाहीत, लागू होतात. कायद्यात शब्द एकच आहे, ‘कर्जदार’. त्या एका शब्दात रसायनांची कंपनीही बसते आणि धायरीतला वन बीएचकेवालाही. शब्द एक, म्हणून नियम एक. निकाल वाचताना हा शब्द आपल्या नजरेतून सहज निसटतो, कारण न्यायालयाच्याही नजरेतून तो निसटलेला असतो.

तुलनेसाठी नोव्हेंबर २०२४ चा बुलडोझर कारवाईवरचा सर्वोच्च न्यायालयाचा निकाल वाचा. तिथे घर म्हणजे कुटुंबाच्या कष्टांचं, स्थैर्याचं ठिकाण म्हणून येतं, आणि ते पाडण्याआधी काय काय केलं पाहिजे याची यादी येते. सरफेसीच्या निकालांत तीच वास्तू ‘तारण मालमत्ता’ असते. दोन्ही प्रकरणं कायद्याने वेगळी आहेत, हे मान्य. इथे माणसाने स्वतः सही करून घर गहाण टाकलेलं असतं. तरी एकाच न्यायालयाच्या भाषेत घर कधी दिसतं आणि कधी दिसत नाही, हा संशोधनाचा प्रश्न आहेच.

कंपनीला बेतलेला नियम घराला लागतो तेव्हा

नुसतं ‘घर दिसत नाही’ म्हणणं ही तक्रार झाली. टीका करायची तर न दिसल्यामुळे नेमकं काय बदलतं ते दाखवायला हवं. तीन जागा सांगते.

पहिली, आधी पैसे भरण्याची अट. मार्डिया निकालाने ७५ टक्क्यांची सक्ती काढली, कारण कलम १७ ची कार्यवाही नावाला अपील असली तरी खरं तर पहिलीच सुनावणी आहे. तिच्या दारातच एवढी रक्कम मागणं अवाजवी. उत्तम. पण २००४ च्या दुरुस्तीनंतर अट वरच्या पायरीवर गेली. कलम १८ खाली मुंबईला अपील करायचं तर देय रकमेच्या ५० टक्के भरा. न्यायाधिकरणाने कारणं नोंदवून सूट दिली तरी २५ टक्क्यांच्या खाली नाही. ३० लाख बाकी असेल तर १५ लाख, फार झालं तर साडेसात लाख. कंपनी तेवढी रक्कम उभी करते आणि लढाई पुढे नेते. नोकरी गेली म्हणून ज्याचा हप्ता चुकला त्याच्याकडे साडेसात लाख असते तर तो डीआरटीत आला असता का? शिवाय खाली डीआरटीतही स्थगिती देताना काही रक्कम भरण्याची अट घालतात. कायद्याच्या पुस्तकातून गेलेली अट अंतरिम आदेशातून परत येते. निकालांचे संग्रह वाचून हे दिसणार नाही. त्यासाठी डीआरटीचे रोजचे आदेश वाचावे लागतात.

दुसरी जागा, मुदत. कलम १४ च्या अर्जावर ३० दिवसांत, कारणं नोंदवून फार तर ६० दिवसांत, आदेश व्हावा असं कायदा म्हणतो. सी. ब्राइट खटल्यात (नोव्हेंबर २०२०) सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की ही मुदत उलटली म्हणून जिल्हाधिकाऱ्यांचा अधिकार संपत नाही. सरकारी दिरंगाईचा फटका बँकेला बसू नये. तर्क समजण्यासारखा आहे. आता कर्जदाराचे ४५ दिवस बघा. ते चुकले तर उशीर माफ करा म्हणून वेगळा अर्ज, वेगळी कारणं, वेगळा युक्तिवाद. कंपनीकडे नोटीस आल्या दिवशी वकील असतो. घरकर्जदार पहिले काही आठवडे शाखेत चकरा मारतो, ‘साहेब, थोडं थांबा’ म्हणतो, ओटीएसचं, म्हणजे एकरकमी तडजोडीचं, पत्र देतो. त्याच्या दृष्टीने त्याची दाद मागून चाललेली असते. कायद्याच्या दृष्टीने त्याचे दिवस संपत असतात.

तिसरी, आणि माझ्या मते सर्वांत महत्त्वाची, गहाण सोडवण्याचा हक्क. आपल्या जुन्या गहाणाच्या कायद्यात, १८८२ च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्यात, विक्री पूर्ण होईपर्यंत पैसे भरून गहाण सोडवता येतं. १९७६ मध्ये नारणदास करसनदास खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने नुसता लिलाव झाला म्हणून हा हक्क जात नाही असं सांगितलं होतं. २०१६ मध्ये सरफेसीच्या कलम १३(८) ची भाषा बदलली, आणि बाफना निकालाने तिचा अर्थ लावला: लिलावाची नोटीस प्रसिद्ध होईपर्यंतच. तिथे सेलिरची बोली १०५ कोटींच्या थोडी वर होती आणि कर्जदार लिलावानंतर १२९ कोटी भरायला पुढे आला होता. उच्च न्यायालयाने परवानगी दिली, सर्वोच्च न्यायालयाने ती फिरवली. लिलावात बोली जिंकणाऱ्याला मालमत्ता मिळेल याची खात्री नसेल तर बोली लावायला येणार कोण, हा त्यामागचा विचार. शंभर कोटींच्या व्यवहारात तो पटतोही.

पण घरात पैसा कसा उभा राहतो? मेहुण्याकडून, पीएफमधून, दागिने मोडून, गावाकडची जमीन विकून. आणि ही सगळी माणसं हलतात केव्हा? माझं गृहीतक असं आहे की वर्तमानपत्रात लिलावाची जाहिरात आली, नातेवाइकांत बोभाटा झाला, की मगच. म्हणजे कुटुंबाची मदत जागी होते त्याच दिवशी कायद्याने हक्क संपलेला असतो. त्यानंतर पैसे घ्यायचे की नाही हे बँकेच्या मर्जीवर. हे गृहीतक आहे, निष्कर्ष नाही. ते तपासायला मुलाखती लागतील. पण निकालांतून गृहीतक कसं काढायचं याचं उदाहरण म्हणून ते तुमच्यासमोर ठेवते.

असं का घडतं?

१९७४ साली मार्क गॅलंटर या अभ्यासकाने एक निबंध लिहिला. न्यायालयात काही पक्षकार पुन्हा पुन्हा येतात, काही आयुष्यात एकदाच. पुन्हा पुन्हा येणाऱ्याला आजचा खटला जिंकण्याइतकंच उद्याच्या नियमाचं मोल असतं. कोणत्या खटल्यात तडजोड करायची आणि कोणता वरपर्यंत न्यायचा, हे तो निवडू शकतो. बँक ही अशी पक्षकार. घरकर्जदार एकदाच येतो आणि त्याला नियम नको असतो, घर हवं असतं. तडजोड मिळाली की तो अर्ज मागे घेतो. त्याच्या खटल्यातून नियम होत नाही. राहतात ते बँक विरुद्ध कंपनी असे, दोन्हीकडे दम असलेले सामने. त्यामुळे ‘गाजलेले निकाल’ हा नमुना मुळातच गाळून आलेला असतो. संशोधन पद्धतीच्या तासाला ‘निवडदोष’ शिकवतात, तो हाच. गाळणीच्या वर काय उरलं हे मोजून खाली काय गेलं ते सांगता येत नाही.

पुण्याला हे नवं नाही

१२ मे १८७५ रोजी सुप्याच्या बाजारात सावकारांवर हल्ला झाला आणि कर्जरोखे जाळले गेले. सुपे आज बारामती तालुक्यात, म्हणजे आपल्याच जिल्ह्यात. दख्खनच्या दंग्यांची चौकशी झाली आणि १८७९ मध्ये पुणे, सातारा, सोलापूर, अहमदनगर या जिल्ह्यांसाठी शेतकऱ्यांच्या कर्जनिवारणाचा कायदा आला. त्याची मुख्य कल्पना साधी होती: न्यायालयाने रोख्यावरच्या आकड्याशी थांबू नये. व्यवहाराचा इतिहास बघावा, मूळ किती दिले, व्याज कसं चढलं याचा हिशेब मांडावा आणि हप्ते बांधून द्यावेत.

आता उलट्या बाजूने बघा. १९८४ मध्ये बँकिंग नियमन कायद्यात कलम २१अ आलं: बँकेने लावलेला व्याजदर जास्त आहे एवढ्या कारणावरून न्यायालयाने व्यवहार पुन्हा उघडायचा नाही. २००२ मध्ये ताब्यासाठी न्यायालयाची गरज काढली. १८७९ मध्ये न्यायाधीशाला रोख्याच्या मागे बघायला सांगितलं होतं. आज डीआरटी मुख्यतः नोटीस आणि कारवाई कायद्याच्या पायऱ्यांप्रमाणे झाली का ते बघतं.

तुलना जपून करा, हेही सांगते. सावकार आणि नियमनाखालची बँक एक नव्हे. मुळात दंग्यांना दिलेलं महत्त्वच फुगवलेलं आहे, असा युक्तिवाद नील चार्ल्सवर्थ यांनी १९७२ मध्ये केला, तो वाचल्याशिवाय १८७५ चा दाखला देऊ नका. आणि त्या कायद्याचे दुष्परिणामही होते: सावकार गहाणखताऐवजी खरेदीखत लिहून घेऊ लागले, मग ती पळवाट बुजवायला कायदा दुरुस्त करावा लागला. मला त्यातून एवढंच घ्यायचं आहे की ‘कर्जाचा खटला म्हणजे फक्त कागद तपासणं’ ही काही निसर्गाची व्यवस्था नाही. याच जिल्ह्यात वेगळी व्यवस्था होऊन गेली.

बाहेरचंही एक उदाहरण. स्पेनमध्ये बार्सिलोनाजवळच्या एका कामगाराचं घर गेलं. त्याचा अझीझ खटला युरोपीय न्यायालयात पोचला. कराराच्या अटी अन्यायकारक आहेत का याची तपासणी चालू असताना ताब्याची कारवाई थांबवायचा अधिकार न्यायाधीशाला नसेल, तर ते ग्राहक संरक्षणाच्या युरोपीय नियमांविरुद्ध आहे, असा निकाल मार्च २०१३ मध्ये लागला, आणि स्पेनला कायदा बदलावा लागला. तिथे नियम घडवणाऱ्या खटल्यात एक राहतं घर होतं.

दुसरी बाजू, आणि ती हलकी नाही

इथवर वाचून ‘बँक खलनायक, कर्जदार बिचारा’ असं चित्र झालं असेल तर ते पुसा. पुण्यात तरी ते टिकणार नाही. रुपी बँकेवर फेब्रुवारी २०१३ मध्ये निर्बंध आले आणि २०२२ मध्ये परवाना रद्द झाला. मधली नऊ वर्षं ज्यांच्या ठेवी अडकल्या त्यांत निवृत्तीचे पैसे ठेवलेली माणसं होती. वसुली झाली नाही की ज्याचं घर जातं असा माणूस ठेवीदारांच्या रांगेतही असतो. चौगुले निकाल सहकारी बँकांच्या बाजूने लागला याचा आनंद अशा ठेवीदाराला होणं साहजिक आहे. आणि स्थगिती सहज मिळाली तर ती मुद्दाम थकवणाऱ्यालाही मिळेल.

म्हणून माझा मुद्दा ‘ताबा नकोच’ असा नाही. ज्याला फेडता येईल आणि ज्याला येणारच नाही, यांत फरक करायची जागा आजच्या क्रमात कुठे आहे, असा आहे. इंग्लंडमध्ये १९७० च्या कायद्याने राहत्या घराबाबत न्यायाधीशाला हा फरक करायचा अधिकार दिला: वाजवी काळात थकबाकी भरून निघण्याची शक्यता असेल तर ताबा लांबवता येतो. आपल्याकडे तो फरक केला तर बँकच करते, आपल्या सोयीने.

मग वाचायचं काय?

गाळणीच्या खालचं बघायचं तर तीन ठिकाणं सांगते.

रिझर्व्ह बँकेच्या बँकिंगविषयक वार्षिक अहवालात लोकअदालत, डीआरटी, सरफेसी आणि दिवाळखोरी संहिता अशा मार्गांनी किती वसुली झाली याचा तक्ता असतो. उपयोगी आहे, पण त्यातून घरकर्जं वेगळी काढता येत नाहीत. कोट्यवधींचा कारखाना आणि वीस लाखांचा फ्लॅट, दोन्ही ‘एक प्रकरण’.

दुसरं, डीआरटीचे आदेश आणि कलम १४ चे जिल्हाधिकारी कार्यालयातले आदेश. इथे राहती घरं भेटतात. अर्ज का निकाली निघाला हे नोंदवा: गुणवत्तेवर, तडजोडीने, वकील न आल्याने, की मुदत गेल्याने. ‘फेटाळला’ या एका रकान्यात सगळं कोंबू नका.

तिसरं, वर्तमानपत्रं. नियमाप्रमाणे ताब्याची नोटीस सात दिवसांत दोन वर्तमानपत्रांत छापावी लागते, त्यातलं एक स्थानिक भाषेतलं. म्हणजे पुण्यातल्या प्रत्येक अशा घराची मराठीत नोंद होते: रक्कम, तारीख, पत्ता, सर्व्हे नंबर. कुठल्याही निकालसंग्रहात नसलेलं हे दफ्तर आपल्या चहाच्या टेबलावर येतं. नावं मात्र डेटात घेऊ नका. नोटीस जाहीर आहे म्हणून त्या कुटुंबाची बेअब्रू तुमच्या प्रबंधात कायमची नोंदवायची गरज नाही.

या नोटिसा मी सलग वाचल्या तेव्हा एक गोष्ट लक्षात आली. नमुना कायद्याच्या नियमांतच ठरवून दिलेला आहे. त्यात ‘सर्वसामान्य जनतेला’ मालमत्तेचा व्यवहार न करण्याचा इशारा असतो, आणि कर्जदाराचं लक्ष कलम १३(८) कडे, म्हणजे पैसे भरून गहाण सोडवण्याकडे, वेधलेलं असतं. कलम १७ चा, ४५ दिवसांचा, डीआरटीचा उल्लेख त्या नमुन्यात नाही. पैसे कसे भरायचे ते सांगितलं आहे. हरकत असेल तर जायचं कुठे ते नाही.

इथे मला एक अडचण आली, आणि ती तुम्हालाही येईल. नोटिसांच्या तारखा एक्सेलमध्ये भरताना दिसतं की काहींचे ४५ दिवस अजून संपलेले नाहीत. पत्ता समोर आहे. आपण संशोधक आहोत, वकील नाही. नोटीस वाचून अनोळखी घराची बेल वाजवणं योग्य नाही आणि ते मी करत नाही. पण ज्यांना मुलाखतीसाठी भेटते त्यांना मुलाखत सुरू करण्याआधीच दोन गोष्टी सांगते. तारीख बघा, आणि जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात जा. १९८७ च्या विधी सेवा कायद्यात ‘न्यायालय’ या शब्दात न्यायाधिकरणही येतं, आणि मोफत वकिलासाठी स्त्रियांना उत्पन्नाची अट नाही. घरकर्जात सहकर्जदार म्हणून बायकोची सही बऱ्याचदा असते. बँकेसाठी घेतलेली ती सही इथे उपयोगी पडू शकते.

यामुळे माझा नमुना थोडा बिघडतो, कारण भेटलेली माणसं न भेटलेल्यांपेक्षा वेगळं वागण्याची शक्यता वाढते. ते मी पद्धतीच्या प्रकरणात लिहून टाकलं आहे. गाइडने त्यावर अजून पेन्सिल चालवलेली नाही.